खळ्यावरचे भाषण

पौर्णिमेचे उधाण चढले होते आणि खडकबंदरच्या मासळी सुकवायच्या खळ्यावर त्या सकाळी हात पुरत नव्हते. बोंबील हा मासा हाडाचा थोडा आणि पाण्याचा फार; जाळ्यातून सुटल्यावर तो कोणासाठी थांबत नाही. दोन बोंबील उचलायचे, एकाच्या उघड्या जबड्यात दुसऱ्याचा जबडा गुंतवायचा आणि ती जोडी दोरीवर अशी टाकायची की एक अलीकडे लोंबावा, दुसरा पलीकडे. पॅट्रिशियाचे हात हे काम तिच्या डोळ्यांना न विचारता करीत. तिची सून स्टेफनी वसईकडच्या बागायतदार घरातून आलेली. तिलाही आता ते जमत होते, पण त्या सुईसारख्या दातांनी तिच्या बोटांची टोके खरवडून निघाली होती, आणि खारे पाणी त्यांत शिरले की ती ओठ आवळून हात झटकी.

बॉस्को दोऱ्या ताणीत होता. साठी ओलांडलेला, पाठीने किंचित वाकलेला आणि जिभेने मुळीच न वाकलेला असा हा माणूस. बोट आता मुलगा रेनॉल्ड चालवी. बापाच्या वाट्याला खळे आणि वादविवाद उरले होते. भाषण ऐकणे हे बॉस्कोचे एकमेव व्यसन होते. भाईंदरला मैदानात कोणाचीही सभा असो, तो जवळच्या उत्तनहून बस पकडून जाई, पुढची खुर्ची धरी, आणि परत येऊन बायकोला ते भाषण हातवाऱ्यांसह ऐकवी.

"दोरी ताण, रेनॉल्डच्या बापा. तोंड मागून चालव," पॅट्रिशिया म्हणाली.

"तोंडाचा आनी हाताचा काय वैर हाय?"

"तुझ्या तोंडाचा सगळ्यांशी वैर हाय."

दोरीपलीकडून हसणे ऐकू आले. ती कार्मेलिन होती. तिची रांग बॉस्कोच्या रांगेला लागून होती. नवरा समुद्रात गेला तो परत आला नाही; मूलबाळ नाही. दुसऱ्यांच्या बोटीवरून पाटी विकत घ्यायची, सुकवायची, बाजारात न्यायची, यावर तिने इतकी वर्षे काढली होती, आणि त्या दोन दोऱ्यांखेरीज तिच्यापाशी या जगात सांगण्यासारखे काही नव्हते.

खळ्याला कागद नव्हता. सरकारी दप्तरात ती किनाऱ्याची पडीक जमीन होती. खडकबंदरात मात्र तिच्या वीतभर तुकड्याबद्दलही कोणाला संशय नव्हता. ज्याची काठी जिथे उभी, तिथे त्याची रांग. पावसाळ्यात दोऱ्या उतरत. काठ्या उतरत नसत. काठी कुजली तर आधी शेजारी नवी रोवायची, मग जुनी उपटायची. खड्डा रिकामा ठेवायचा नाही. हा नियम कोणी घातला हे कोणाला माहीत नव्हते, आणि तो कोणी मोडल्याचेही कोणाला आठवत नव्हते.

अशा सकाळी समाधान आला. पांढरी गाडी त्याने रस्त्यावर ठेवली आणि बूट सांभाळत, पडलेले बोंबील चुकवत तो खळ्यात शिरला. 'किनारा गौरव प्रतिष्ठान' नावाची एक संस्था भाईंदरमध्ये होती. समाधान तिचा सचिव. सत्कार, महोत्सव, स्मरणिका हा तिचा व्यवसाय, आणि त्यांच्या आडून आणखी काय, ते विचारण्याचे खडकबंदरला कधी कारण पडले नव्हते.

"नमस्कार नाखवा! काय वास सुटलाय," तो म्हणाला, आणि लगेच सावरून घेत पुढे बोलला, "म्हणजे, समुद्राचा."

"समुद्राला वास न्हाय साहेब, बोंबलाला हाय," स्टेफनी मान वर न करता म्हणाली.

समाधान हसला. लोकांनी हसण्याआधी स्वतः हसून मोकळे होण्याची त्याला सवय होती. मग त्याने आवाज खाली आणला. "नाखवा, राज्यपाल येतायत. इथं, तुमच्या खडकबंदरला. किनारा गौरव सोहळा. मच्छिमार समाजावर भाषण करणारेत. आणि समाजाच्या वतीने सत्कार स्वीकारायला आम्ही एकच नाव दिलंय."

बॉस्कोच्या हातातली दोरी सैल पडली.

"भाषण किती वेळ?" त्याने विचारले. दुसऱ्या कोणी कार्यक्रम कधी, कशासाठी, खर्च कोणाचा, असे विचारले असते.

"ते त्यांच्या मनावर. पण एक आहे. हे मैदान मोकळं लागेल. बंदोबस्त, मंडप, गाड्या. दोनच दिवस. आमचीच माणसं काठ्या काढतील, आमचीच परत लावून देतील."

पॅट्रिशियाचे हात थांबले. "आता? भर उधाणात? ही मासली अजून वलीच हाय."

"मावशी, राज्यपालांच्या तारखा तुमच्या-माझ्या हातात नसतात."

"भरती-ओहोटी बी न्हाय," पॅट्रिशिया म्हणाली.

रविवारी चर्चमध्ये मिसा झाल्यावर मच्छिमार संस्थेच्या शेडमध्ये माणसे जमली. बॉस्को उभा राहिला, आणि इतकी वर्षे ऐकलेल्या सगळ्या भाषणांचे त्या दिवशी त्याने व्याजासकट उत्पन्न काढले. माणूस लोभाने बोलला असता तर खडकबंदरने त्याला खाली बसवले असते. पण तो श्रद्धेने बोलला, आणि श्रद्धेने मांडलेल्या चुकीच्या युक्तिवादाला अडवणे फार कठीण असते.

"आमदार येतो, त्याला मत पायजे. नगरसेवक येतो, त्याला बी मत पायजे. ते खोटा बोलतात, कारन त्यांना मागायचा असते. राज्यपालाला काय मागायचा हाय? त्याला आपुन निवडत न्हाय, आपुन पाडत न्हाय. ज्याला काय मागायचाच न्हाय, तो खोटा कशाला बोलेल? असा मानूस एकदा आपल्या खळ्यावर उभा र्‍हावून बोलला, का आपला खळा सरकारने बघितला. आजपर्यंत कोनी बघितला?"

"मागायचा न्हाय तं येतो कशाला?" कार्मेलिन मागून म्हणाली.

शेड हसली. बॉस्कोही हसला, सभेत हशा पिकला की वक्त्याने तो आपलाच मानायचा, हे तो शिकला होता. मग तो तिच्याकडे वळला. "कार्मेलिन, तुला भ्या वाटते ते मना कळते. सभा उठली का सगळ्यात पयली तुझी काठी मी उभी करीन. मंग माझी. हा माझा शब्द हाय. सगळ्यांसमोर देतंय."

शब्द हा खडकबंदरात अजून चलनात होता. कार्मेलिनने डोक्यावरचा पदर नीट केला आणि ती गप्प बसली. बाकीच्यांनी तिचे गप्प बसणे होकार धरले.

काठ्या निघाल्या त्या दिवशी वारा उत्तरेचा आणि ऊन स्वच्छ होते. बोंबील सुकायला याहून चांगले हवामान मागून मिळत नाही. प्रतिष्ठानची माणसे पहारी घेऊन आली. मुळाशी मऊ पडलेली काठी हलवून हलवून उपटली की ओल्या मातीतून एक चोखल्यासारखा आवाज येई आणि खड्ड्यात हळूहळू पाणी भरे. त्या पाठोपाठ ट्रकमधून मुरूम आला. खड्डे बुजवण्यापूर्वी कोणाचा कोणता, याची खूण करावी असे रेनॉल्डने सुचवले.

"मना डोले मिटून सांगता येतात," बॉस्को म्हणाला. रोलर फिरला. त्यावर हिरवे जाजम पसरले.

अर्धवट सुकलेला माल ताडपत्रीखाली गेला. असा माल झाकणे म्हणजे काय, हे पॅट्रिशियाला कोणी सांगायला नको होते. ती आणि स्टेफनी आलटून पालटून ताडपत्री उचलीत, वरचे खाली, खालचे वर करीत; आत हात घालताच उबट वाफ तोंडावर येई. दुसऱ्या दिवशी बोंबलांना आंबूस वास सुटला, अंगाला बुळबुळीत साय आली. तिने एक उचलून बोटांत दाबला. तो दबला तसाच राहिला.

"आयी, मीठ मारू का?" स्टेफनीने विचारले.

"मेल्याला मीठ मारून काय?" पॅट्रिशियाने पाटी उचलली आणि ओहोटीच्या पाण्यात उपडी केली. कावळे आणि बगळे गोळा झाले. बंदोबस्ताच्या हवालदाराने दुरूनच ओरडून सांगितले की इथे घाण करू नका.

त्याच दुपारी मंडपात तालीम होती. राज्यपालांच्या जागी प्रतिष्ठानचा एक जाडजूड कार्यकर्ता उभा करण्यात आला. बॉस्कोने खडूच्या खुणेवर थांबायचे, हात जोडायचे, शाल खांद्यावर पडेपर्यंत मान खाली ठेवायची, मग उजवीकडे वळून कॅमेऱ्याकडे पाहायचे. कपडेपटवाल्याकडून आणलेला कोळ्याचा वेश त्याला घातला होता: चौकड्यांचा रुमाल, जाकीट, टोकदार तांबडी टोपी. खडकबंदरचे लोक ख्रिस्ती. बॉस्को बोटीवर हाफपँट आणि चर्चमध्ये फुलपँट घालून वाढलेला. त्या जाकिटाला आणखी कोणाच्या तरी नाचाच्या घामाचा वास येत होता.

"असला मी कंदी घातलेला न्हाय," तो म्हणाला.

"काका, लांबून ओळखू आलं पाहिजे ना," समाधान म्हणाला. "आणि हे बघा, तुम्ही स्टेजवर बसणार. सर बोलताना थांबले, की टाळी. तुमच्याकडे बघून लोक वाजवतील. करून दाखवा."

जाडजूड कार्यकर्ता दोन वाक्ये बोलून थांबला. बॉस्कोने टाळी वाजवली.

"उशीर झाला. थांबले की लगेच."

पुन्हा वाजवली. पुन्हा. हाताला ती जागा कळेपर्यंत समाधानने त्याला सोडले नाही. मग जाताजाता, अगदी आपुलकीने, त्याच्या कानाशी लागून तो म्हणाला, "उद्या आंघोळ जरा साबण लावून करा, नाखवा. राग मानू नका. सर अगदी जवळ उभे राहणार."

बॉस्कोने राग मानला नाही. घरी जाऊन त्याने लिंबे चिरली आणि नखांच्या फटी, कोपरे, मानेची घडी कातडी लाल होईपर्यंत घासली. मोरीच्या दाराशी पॅट्रिशिया उभी होती.

"तो वास न्हाय तो," ती म्हणाली. "ती तुझी कातडी हाय. कवर घासशील?"

सोहळ्याच्या दिवशी बोटी पहाटेच बंदराच्या तोंडाशी आल्या. रेनॉल्डची बोट भरलेली होती. पण किनाऱ्यावर पोलीस होते. कार्यक्रम संपेपर्यंत एकही बोट धक्क्याला लागणार नाही असा हुकूम होता. बोटींनी नांगर टाकले. बर्फ नव्हताच, बोंबील बर्फाच्या हिशेबाने कोणी आणत नाही, खळ्याच्या हिशेबाने आणतात. रेनॉल्डचा फोन आला तेव्हा बॉस्कोच्या डोक्यावर टोपी बसवणे चालू होते.

"बाबा, मासली पानी सोडाया लागली."

"थोडा दम धर. आता येतीलच."

राज्यपाल उन्हे चढल्यावर आले. वृद्ध, गोरे, मृदू आवाजाचे गृहस्थ. त्यांना पाहून कोणालाही आदर वाटावा असे. त्यांनी बॉस्कोच्या खांद्यावर शाल घातली, त्याचे दोन्ही हात आपल्या हातांत घेतले आणि ते पटकन सोडले नाहीत. समाधानने घातलेल्या वासाच्या भीतीला त्या हातांत जागा नव्हती. बॉस्कोचे डोळे भरून आले. त्याला वाटले, आपण शेडमध्ये बोललो ते खरे होते.

मग ते बोलायला उभे राहिले. "माझ्या खडकबंदरच्या बंधू आणि भगिनींनो," हे त्यांनी पाठ केलेल्या मराठीत म्हटले आणि ते थांबले. बॉस्कोने टाळी वाजवली; मंडपाने वाजवली. पुढचे हिंदीत होते. समुद्र, श्रम, आई, भारतीय संस्कृती. वाक्ये स्वच्छ होती, आवाज कुठे चढवावा आणि कुठे मोडावा याचे भान होते. त्यांनी समुद्राकडे बोट केले.

"देखिए, कितनी शांति से ये नौकाएँ विश्राम कर रही हैं। ऐसा दृश्य चित्रकार भी नहीं बना सकता।"

टाळी पडली. बॉस्कोने मान वळवली. ओळीने उभ्या बोटींत रेनॉल्डची निळी बोट त्याला ओळखू आली. तळाशी पसरलेल्या मासळीवर ओले पोते टाकून मुलगा उभा होता. एवढ्या अंतरावरून तो चित्रासारखाच दिसत होता.

"मुझे बताया गया है," राज्यपाल पुढ्यातल्या कागदावर नजर टाकून म्हणाले, "कि इस समाज ने अपनी इच्छा से यह सारा मैदान ख़ाली करके नगर को समर्पित कर दिया है, ताकि यहाँ सबके लिए सुंदर उद्यान बने, सांस्कृतिक भवन बने। आज लोग एक-एक इंच के लिए लड़ते हैं। और यहाँ के मछुआरे भाइयों ने अपने हाथों से, हँसते हुए, अपनी बल्लियाँ हटा लीं।"

ते थांबले.

बॉस्कोची टाळी वाजली. हातांनी शिकलेली जागा हातांनी ओळखली. डोके मागून आले, आणि आले तेव्हा तळवे एकमेकांवर आपटून झाले होते. त्याच्याकडे पाहून पुढची रांग वाजवू लागली, तिच्याकडे पाहून मागची. त्या कडकडाटात फक्त दोन बायका स्वस्थ बसल्या होत्या. कार्मेलिन पायाखालचे हिरवे जाजम बघत होती. पॅट्रिशिया नवऱ्याचे हात बघत होती.

तो उठायला गेला. नेमके तेव्हाच भाषण संपले आणि राष्ट्रगीत सुरू झाले. सगळे ताठ उभे राहिले, तोही राहिला. त्या वेळात त्याच्या मनात एक संपूर्ण, मुद्देसूद, निरुत्तर करणारे भाषण तयार झाले. राष्ट्रगीत थांबले तेव्हा राज्यपालांभोवती सफारी सूटवाल्यांचे कडे पडले होते, आणि कडे हलले तेव्हा गाड्यांचे दरवाजे लागत होते.

रेनॉल्ड धक्क्याला लागला तो दुपारी. बोटीतले बोंबील हातात धरले की बोटांमधून गळत होते. बापाच्या अंगावर अजून ते जाकीट होते. रेनॉल्डने त्याच्याकडे एकदा पाहिले आणि फावडे घेतले.

दुसऱ्या दिवशी मंडप निघाला, जाजम निघाले, आणि त्यांच्या जागी निळे पत्रे आले. खळ्याच्या चारी बाजू बंद झाल्या. बॉस्को काठी खांद्यावर घेऊन फाटकाशी गेला. आतला पहारेकरी परप्रांतातला, नुकताच कामाला लागलेला, सभ्य माणूस होता. "चाचा, अंदर जाना मना है," एवढेच तो पुनःपुन्हा म्हणत राहिला.

समाधानचे कार्यालय भाईंदर पूर्वेला, इंद्रलोकमध्ये होते. तिथे बॉस्कोला पाणी मिळाले, चहा मिळाला, आणि बसायला गादीची खुर्ची मिळाली.

"तू दोन दिवस बोललेलास," बॉस्को म्हणाला.

"बरोबर आहे काका, बोललो होतो. पण आता मी कोण? खुद्द राज्यपालांनी जाहीर केलंय. त्यांचा शब्द मी कसा खोटा पाडू?"

"त्यांना कोनी सांगितला? ते बोलले, मुझे बताया गया. कोनी बताया?"

समाधानने टेबलावरचा फोन उचलला, बोटाने पुढे-मागे केला आणि बॉस्कोच्या समोर धरला. टोकदार तांबड्या टोपीतला एक म्हातारा, डोळ्यांत पाणी, मान डोलावीत टाळ्या वाजवत होता.

"नाराज माणूस असा वाजवतो का?" समाधानने विचारले. त्याच्या स्वरात कुचेष्टा नव्हती. अडलेल्या माणसाला वाट दाखवावी तशा स्वरात तो पुढे म्हणाला, "गुरुवारी सर परत येतायत. इथंच, पलीकडच्या हॉलमध्ये, वाचनालयाचं उद्घाटन आहे. बसा येऊन. भाषण ऐका. तुम्हाला आवडतं ना?"

बॉस्को गेला. गेला तो भाषण ऐकायला नव्हे. आपली बाजू एकदा त्या माणसाच्या कानावर पडली की तो ती उचलून धरील, असे त्याला अजूनही वाटत होते. तिथे असत्य कोणाचे होते, हा प्रश्न त्याने मनाशी नीट मांडला होता. सांगणारा खोटा, वाचणारा फसलेला. फसलेल्याला जागे करायचे असते.

वाचनालय मराठवाड्यातून येऊन इथे स्थिरावलेल्या बौद्ध कुटुंबांनी वर्गणी काढून उभे केले होते. हॉल निळ्या पताकांनी सजला होता. बॉस्कोला मागच्या रांगेत जागा मिळाली. शेजारी पांढऱ्या लुगड्यातली एक वृद्ध बाई बसली होती. तिने आपण वैजयंता, असे सांगितले आणि चौकशी केली.

"कुठून आलात दादा?"

"खडकबंदरशी."

"म्हंजी कोळी व्हय? बरं केलंत आलात."

पलीकडच्या तरुणाने खिशातून रुमाल काढून नाकाशी धरला आणि तो खुर्ची सोडून पुढे गेला. वैजयंताबाईंनी ते पाहिले. त्या उठल्या नाहीत. उलट आपली पिशवी मांडीवर घेऊन त्यांनी त्याला ऐसपैस जागा करून दिली.

राज्यपालांनी मराठीत बंधू आणि भगिनी म्हटले, थांबले, टाळी घेतली. मग श्रम आले, आई आली, संस्कृती आली. समुद्राच्या जागी ग्रंथ आला. तेच वळण, तोच चढ, तोच मोड. बॉस्कोला पुढचे वाक्य येण्याआधी त्याची जागा ऐकू येऊ लागली. आणि मग ते म्हणाले, "अभी कुछ दिन पहले मैं यहीं पास के एक तट पर गया था। मछुआरों की बस्ती। उन्होंने अपनी सारी भूमि नगर को दान कर दी। एक वृद्ध मछुआरे के हाथ मैंने अपने हाथों में लिए, तो उसकी आँखों में आनंद के आँसू थे। त्याग किसे कहते हैं, यह मैंने उससे सीखा।"

हॉल टाळ्यांनी भरला. वैजयंताबाई वळून त्याच्याकडे पाहत होत्या. "तुमच्याच गावाचं म्हन्त्यात का वो? लई मोठं मन बाई तुमचं."

"आमी दिला न्हाय," बॉस्को म्हणाला. "काठ्या काढाया लावल्या. आनी पत्रे मारले."

त्या बाईच्या चेहऱ्यावरचे कौतुक जागच्या जागी विझले. तिला दुसऱ्यांदा विचारावे लागले नाही. कोणाचे काय कसे जाते, याची तिला पुस्तकातून ओळख झालेली नव्हती. तिने त्याच्या कोपराला धक्का दिला. "मंग बसलाव कशाला? उठा की. बोला त्येला."

बॉस्को उठला. दोन्ही हात वर करून तो ओरडला, "साहेब! तो म्हातारा मी हाय! आमी जमीन दिली न्हाय!" पण टाळ्या अजून चालू होत्या, पुढे ध्वनिक्षेपक होते, आणि आयुष्यभर श्रोता असलेल्या माणसाचा आवाज परक्या सभेत पहिल्याच खेपेला किती दूर जाणार? राज्यपालांना मागच्या रांगेत हात उंचावलेला एक म्हातारा दिसला असावा. त्यांनी हसून, मान लववून, दुरूनच त्याला नमस्कार केला. पुढच्या रांगांनी मागे वळून त्याच्यासाठी टाळ्या वाजवल्या. एका शिपायाने त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "बाबा, बसून घ्या. झाला ना नमस्कार."

तो बसला नाही. हॉलबाहेर आला, उत्तनची बस सोडून वाटेवरच्या मुर्ध्यापर्यंत चालत आला, आणि तिथे पाय थकले म्हणून रिक्षात बसला.

तोवर अमावास्येचे उधाण लागले होते. बोटी भरून येत होत्या आणि माल टांगायला जागा नव्हती. ओला बोंबील घेणारे टेम्पोवाले धक्क्यावर येऊन उभे राहू लागले होते. ते देतील तो भाव, आणि ते म्हणतील तो माल.

रिक्षा वळणावर थांबली तेव्हा बॉस्कोला आपल्या घरापुढे माणसे दिसली. बायाच होत्या बहुतेक. आंगणाच्या कुंपणाबाहेर काठ्यांचे भारे पडले होते, आणि त्या उपटलेल्या, मुळाशी काळ्या पडलेल्या काठ्यांतली प्रत्येक कोणाची, हे त्याला खरोखरच डोळे मिटून सांगता आले असते. खडकबंदरात एवढे मोकळे आंगण दुसऱ्या कोणाचे नव्हते. पूर्वेला क्रूस, पश्चिमेला विहीर, आणि मधल्या जागेत नाताळनंतर रेनॉल्ड-स्टेफनीची खोली उठायची होती.

कोणी भांडायला आलेले नव्हते. भांडण झाले असते तर बॉस्कोला त्यात बोलता आले असते.

कार्मेलिन पुढे आली. "पयली माझी उभी करीन बोललेलास," ती म्हणाली. "कर."

त्याने बायकोकडे पाहिले. पॅट्रिशियाने फाटकाची कडी आधीच काढून ठेवली होती. तिने आतून पहार आणली आणि त्याच्या पायाशी टाकली.

"पॅट्रिशिया, पोरांची खोली..."

"ते तू त्यांना सांग. भाषन कर."

स्टेफनी पायरीवर बसली होती. सासऱ्याने पाहिले तेव्हा तिने मान फिरवली. रेनॉल्ड बोटीवरून पाट्या वाहत होता. तो आला, पाटी ठेवली, काठ्यांकडे पाहिले, आणि दुसरी पाटी आणायला गेला.

बॉस्कोने पहार उचलली. आंगणाची माती पिढ्यान्‌पिढ्या सारवून, तुडवून दगड झालेली होती. पहार तिच्यावर आपटून परत येई आणि खांद्यापर्यंत झिणझिण्या जात. पहिला खड्डा हातभर झाला तेव्हा तो थांबला.

"खोल खन," कार्मेलिन म्हणाली. "या बारीला उपटायच्या न्हाय."

त्याने आणखी खणले. तिने काठी धरली, त्याने माती ठोकली. मग दुसरी, मग पुढचीची. बायांनी आपसांत खळ्यावरचा जुना क्रम लावून घेतला: कोण कोणाच्या शेजारी, कोणाची दोरी वाऱ्याकडे. आंगण लहान होते, म्हणून रांगा दाट आल्या. क्रूसापाशी सुरू झालेली ओळ विहिरीच्या कठड्यापर्यंत जाऊन भिडली. दोऱ्या ताणल्या गेल्या. बोंबलांच्या जोड्या त्यांवर पडू लागल्या, आणि उन्हे कलती झाली तेव्हा ते सगळे आंगण पांढऱ्या, गळत्या मासळीने भरून गेले होते.

बॉस्कोच्या घरच्या पाट्या पायरीवर तशाच होत्या. त्याच्या काठ्या कुंपणापलीकडे पडल्या होत्या. त्यांना जागा कुठे, हे कोणी विचारले नाही, आणि आपल्याच आंगणात ते विचारण्याचा अधिकार त्याला उरला नव्हता.

पॅट्रिशियाने एक चुंबळ डोक्यावर ठेवली. स्टेफनीने पाटी उचलून द्यायला हात लावला. पाटीतले पाणी पॅट्रिशियाच्या कपाळावरून ओघळून डोळ्यांत गेले. ते न पुसता ती धक्क्यावरच्या टेम्पोच्या दिशेने चालू लागली. स्टेफनी दुसरी पाटी घेऊन तिच्यामागे गेली.

बॉस्को पहार टेकून उभा होता. बाया गेल्या. हात धुवावेत म्हणून तो घराकडे वळला, तेव्हा फाटकापासून दारापर्यंत कोणती वाट मोकळी आहे ते त्याला दिसेना. तो दुसऱ्यांच्या दोऱ्यांखाली वाकला, आणि मानेवर, कानांवर थंड पाणी झेलत, आपल्याच घराच्या दाराशी पोचेपर्यंत त्याला सरळ उभे राहता आले नाही.